धोंड्याच्या वाणात कांदा

माझ्या जिभेला हाड नाही, हे मला लहानपणापासून ऐकवलं गेलं आहे. हाड कुणाच्याच जिभेला नसतं, असं मी त्यावर उलट उत्तर द्यायचे आणि सांगणारं माणूस कपाळावर हात मारून घ्यायचं. आता दात गेले, गुडघे गेले, जीभ तेवढी शाबूत आहे. याच जिभेनं मला लग्नानंतर दुसऱ्या वर्षी सहा महिने माहेरी बसवून ठेवलं होतं. तिथून मी परत कशी गेले, ते माझ्या नातसुनेला खरं वाटत नाही. ती म्हणते, आजी, तुम्ही रंगवून सांगता. रंगवून सांगायला मी काही भिंत रंगवणारी नाही. घडलं तसं लिहिते.

माझं माहेर जऊळक्याचं, सासर वाशीमचं. दोन्ही गावं आगगाडीनं बांधलेली, मधे फारसं अंतरही नाही. सासरी आम्ही तीनच माणसं. सासरे आधीच गेलेले. हे एका कापसाच्या जिनिंगमध्ये वजनकाट्यावर कारकून होते. आणि सासूबाई. त्यांना मी आत्याबाई म्हणायचे. आत्याबाई उंच, सडसडीत, पहाटेपासून कामाला लागलेल्या. त्यांचे अनारसे गल्लीत नावाजलेले होते. दिवाळी जवळ आली की दोन-चार घरच्या बाया त्यांच्याकडे पीठ दाखवायला यायच्या, वैद्याला नाडी दाखवावी तशा.

अनारशाचं पीठ ज्यांनी केलं नाही त्यांच्यासाठी सांगते. तांदूळ तीन दिवस भिजवायचे, रोज पाणी बदलायचं. मग फडक्यावर वाळवून, कुटून, चाळून त्यात गूळ मिसळायचा आणि गोळा मुरत ठेवायचा. खसखशीवर थापून तुपात सोडला की अनारशाला जाळी पडते. पण काही बिघडलं असेल तर तो कढईत पडल्या पडल्या फुटतो, विरघळतो, तूपभर पसरतो. त्याला अनारसा हसला असं म्हणतात. करणाऱ्या बाईला मात्र अजिबात हसू येत नाही.

त्या दिवाळीला आत्याबाईंनी पीठ केलं आणि तळायला मला बसवलं. शेजारच्या दोघी बसल्या होत्या. माझा पहिला अनारसा हसला. दुसरा हसला. पाचवा हसला तेव्हा आत्याबाई त्या दोघींना म्हणाल्या, "हाताले वळणच नाई हिच्या." मी झारा खाली ठेवला आणि म्हटलं, "हाताले काय झालं? तुमचं पीठच खोटं हाये."

ओसरीवर हे पायातला काटा काढत बसले होते. त्यांनी मान वर केली नाही. तो काटा त्या दिवशी काही केल्या निघेना.

आत्याबाईंनी कढई चुलीवरून उतरवली. "नाचता येईना, अंगण वाकडं," एवढंच म्हणाल्या. भाऊबीजेला बाबा मला न्यायला आले तेव्हा त्यांना गूळ-पाणी दिलं आणि सांगितलं, "घेऊन जा. आमचं बोलावणं आल्याबिगर आणू नोका." बोलावणं आलंच नाही. संक्रांत गेली, होळी गेली. विहिरीवर बाया विचारायच्या, "काहून वं, कायमचीच आली काय मुक्कामाले?" मी म्हणायचे, "हो. तुमच्या घरी जेवाले येत नाई ना?" पण खरं सांगते, संध्याकाळची गाडी स्टेशनात शिरली की मी हातातलं काम टाकून आमच्या फाटकापाशी जाऊन उभी राहायचे. उतरलेली माणसं आमच्याच वाटेनं गावात यायची. शेवटचं माणूस निघून गेलं की आत येऊन भाकरी थापायचे, आणि त्या दिवशीच्या भाकरी जाड व्हायच्या.

मग वैशाख अधिक आला. अधिक महिना म्हणजे धोंड्याचा महिना, जावयाला घरी बोलावून वाण द्यायचं. जावई नारायण, लेक लक्ष्मी. वाणात तेहतीस वस्तू द्यायच्या आणि त्या जाळीच्या हव्यात, भोकाभोकाच्या. अनारसे नाहीतर बत्तासे. तेहतीसच का, तर हा महिना तेहतीस महिन्यांनी येतो म्हणून, असं आई सांगायची. आणि भोकंच का, ते तिलाही माहीत नव्हतं. "इचारू नये," म्हणायची.

बाबांनी जावयांना पोस्टकार्ड घातलं. उत्तर आलं ते दीड ओळीचं. अमक्या दिवशी दुपारच्या गाडीने येतो, संध्याकाळच्या गाडीने परत जाईन. 'जाईन' की 'जाऊ', हे बाबांनी तीनदा वाचून पाहिलं. 'जाईन'च होतं. मला नेणार की नाही, याबद्दल अवाक्षर नाही.

आईनं मला समोर बसवलं. "हे पाह्य बाई. तुह्या हातचे तेहतीस अनारसे वाशीमले जाऊ दे. तुह्या सासूनं ते खाल्ले की राग गेलाच समज. ह्या टायमाले नाई नेलं तं मंग लोक काय म्हणतीन, अन् पुढं काय होईन, मले इचारू नोको." मलाही भीती होती, नव्हती असं नाही. गावात टाकलेली एक बाई होती, देवळाच्या मागे राहायची, तिच्याकडे मी हल्ली बघायचं टाळत होते. पण माझ्या डोक्यात दुसरंही होतं. माझ्या पिठाचे, माझ्या हातचे अनारसे जाळीदार झाले की आपोआपच सिद्ध होणार होतं, दिवाळीला खोट कुणाची होती ते. मला घर सांधायचं होतं की वाद जिंकायचा होता, असं आज विचाराल तर मी दोन्ही म्हणेन. त्या दिवशी विचारलं असतं तर नुसता वाद.

तीन दिवस तांदूळ मी भिजवले. पाणी मी बदललं. कुटले मी, चाळले मी. आईला उखळाला हात लावू दिला नाही. "आदल्या दिवशी तळून ठेव," ती म्हणत होती. मी म्हटलं, "ताजेच तळीन. शिळे देऊन नाव कायले ठेवून घ्याचं?" हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते असं.

त्या दिवशी सकाळी अंगणात निंबाखाली चूल पेटवली. उन्हाळ्यात आमचा स्वैपाक तिथंच व्हायचा. पिठाचा गोळा काढला तर वरून सुकलेला. वैशाखाचं ऊन, दुसरं काय होणार! मी सहजच पेल्यातलं दूध घेतलं, गोळ्यावर शिंपडलं आणि मळलं. थोडं आणखी घातलं. छान मऊ झाला. खसखशीवर पहिला थापला, तुपात सोडला.

हसला.

दुसरा सोडला, तोही तसाच. तिसरा कढईच्या कडेनं हळू सोडला, जणू तो झोपलेला होता आणि त्याला उठवायचं नव्हतं. तोही फुटला. आणि तेव्हा, झारा हातात धरून, मला आठवलं. दिवाळीलाही पीठ मला कोरडं लागलं होतं. आत्याबाई शेजारणींशी बोलत होत्या आणि मी पेल्यातलं दूध असंच शिंपडलं होतं, असंच आणखी थोडं. लपवलं नव्हतं, देवाशपथ. विसरले होते. सहा महिने मी आत्याबाईंच्या पिठाला नावं ठेवत होते आणि त्यांचं पीठ सोन्यासारखं होतं.

चाळलेलं कोरडं पीठ थोडं उरलं होतं, त्यातलं मिसळून पाहिलं, काही उपयोग झाला नाही. गोळा संपत आला आणि परातीत नुसता तांबूस चुरा. आई पदर तोंडाला लावून रडायला लागली. बाबा पायात वहाणा सरकवून दुकानात बत्तासे आणायला गेले. तसेच हात हलवत परत आले. धोंड्याचा महिना, गावातल्या प्रत्येक घरी जावई, बत्तासे केव्हाच संपलेले. दुकानदार माल आणायला वाशीमला गेला होता. गाडी यायला दोन तास होते.

आमच्या आणि शेजारच्या अंगणाच्या मधे पऱ्हाटीचा, म्हणजे कापसाच्या वाळक्या काड्यांचा, कूड होता. पलीकडे चाची राहायची. चाचीच्या घरधन्याचं स्टेशनाबाहेर चहाचं दुकान, आणि त्या दुकानात भजी. रोज सकाळी टोपलंभर कांदे चिरणं हे चाचीचं काम. आईचं रडणं ऐकून ती कुडापाशी आली, एका हातात थाळी.

"क्या हुआ वो बाई? कोन गेलं?"

"कोनी नाई गेलं," मी म्हटलं. "अनारसे गेले."

चाचीला धोंड्याचा महिना माहीत होता, इतकी वर्षं आमच्या कुडाला कूड लावून राहत होती. तिनं जीभ चावली. तिच्या थाळीत कांद्याच्या गोल आडव्या चकत्या होत्या, आणि बोलता बोलता बोटाला चाळा म्हणून ती त्या चकत्यांची एकेक कडी सुटी करत होती. एक कडी तिनं करंगळीत अडकवली होती. मी त्या कडीकडे बघत राहिले.

"माय," मी म्हटलं, "भोक असलं म्हणजे झालं ना?"

आईनं पदर बाजूला केला. मी काय बघतेय ते तिनं पाहिलं आणि रडणं सोडून ओरडली, "येडी झाली काय तू? अधिकाच्या वाणात कांदा? देव तं देव, कुत्रंबी पाहणार नाई आपल्याकडं!"

"मंग काय देऊ? गव्हाची चाळणी देऊ? तिले तं तेहतीसपेक्षा जास्त भोकं हायेत."

बाबा आजवर कधी मधे पडले नव्हते. बोलण्याआधी ते नेहमी दोनदा खाकरायचे, तोवर समोरच्याचं बोलून व्हायचं. त्या दिवशी खाकरलेच नाहीत. परातीतला अनारशाचा चुरा चिमटीत धरून उजेडाकडे नेला आणि म्हणाले, "हा चुरा अनारशाचाच हाये, याले जाळीबी हाये. ह्या चुऱ्याचा देवाले निवद दाखवा. देव समजदार हाये. जवायाले मातर मोजून तेहतीस लागतीन. त्याले भजे द्या." आणि एवढं बोलून, आपणच बोललो याचं नवल वाटल्यासारखे घरात निघून गेले.

कढईतलं तूप काढून गोडं तेल ओतलं. आमच्या मळ्यातले कांदे नुकतेच काढलेले, ओसरीवर ढीग होता. मोठे मोठे वीस निवडले. चाची कुडाच्या पलीकडे उभी, मी अलीकडे चुलीपाशी. आईच्या चुलीला चाचीचा हात लागायचा नाही, अशी तेव्हाची रीत. ती रीत कुणी बोलून दाखवत नव्हतं आणि मोडतही नव्हतं. आज लिहिताना मला तिची लाज वाटते. चाचीनं मात्र त्या कुडावरूनच आमची अब्रू राखली.

"जाड काट, बोटाएवढं. पतला कांदा तेलात मरतो."

मी जाड चकत्या केल्या. कड्या सुट्या केल्या, मोठ्या वेगळ्या आणि आतल्या लहान वेगळ्या. मोठ्याच घ्यायच्या, वाण आहे. बेसन भिजवलं, ओवा, हळद, तिखट, मीठ. कडी बुडवून तेलात सोडली. पीठ एकीकडे निघून गेलं आणि कांदा एकीकडे, उघडा, लाजल्यासारखा गोल गोल फिरत बसला. मला वाटलं आता हेही हसलं. मी झारा आपटला.

"गुस्सा चुलीवर नको काढू, बेटी," चाची म्हणाली. "कांद्याले पानी सुटलं हाये, त्यावर पीठ कसं चिकटंन? आंधी पुसून घे. मंग सुखं पीठ लाव, मंग भिजवल्यात बुडव."

मी धुतलेल्या धोतराच्या फडक्यावर एकेक कडी टिपली. सुक्या पिठाची परात शोधताना ते उरलेलं तांदळाचं पीठ हाती लागलं, चाळणीखालचं, गूळ न लागलेलं. चाचीचे डोळे मोठे झाले. "चावल का आटा! अगं तेच डाल. बेसनातबी डाल मूठभर. अन् तेल गरम करून पळीभर वरून. फिर देख." त्या पिठासाठी मी तीन दिवस हात दुखवले होते, निदान तेवढे तरी कारणी लागले. पीठ आधी मी सरबरीत केलं होतं, ते चाचीनं घट्ट करायला लावलं. झाऱ्यानं कडी मोडायची, म्हणून चाचीनं कुडातून एक पऱ्हाटीची काडी मोडून माझ्याकडे टाकली. ती कडीच्या भोकात घालायची, पिठात बुडवून उचलायची, काठावर जास्तीचं पीठ निथळायचं आणि काडी तेलावर अलगद तिरपी करायची. कडी सुर्र करून उतरायची, फुगायची, आणि मधलं भोक तसंच्या तसं. काडीनंच उलटायची, काडीनंच काढायची. रंग असा आला, हातातल्या नव्या पाटल्यांसारखा.

पहिली चांगली कडी मी दातानं तोडून पाहिली. कुडूम असा आवाज झाला. कुडापलीकडून चाचीनं तो ऐकला आणि टाळी वाजवली. आईनंही नको नको म्हणत अर्धी खाल्ली. खाताना तिची मुद्रा धर्म बुडाल्यासारखी नव्हती.

ताटात एकेक मांडत गेले. तेहतीस भरले. पुन्हा मोजले तर बत्तीस. मी आईकडे पाहिलं, आईनं माझ्याकडे पाहिलं, आणि दोघींनी दाराकडे पाहिलं. बाबा चौकटीत उभे होते, तोंड बंद आणि गाल फुगलेला.

"देवाले चुरा अन् तुमाले भजं काय?" आई म्हणाली.

"पारखून पाह्यलं," बाबा गालातून बोलले. "निमक बरोबर हाये."

एक पुन्हा तळलं. तोवर सिग्नल पडला होता. ताटावर भरतकामाचा रुमाल झाकला आणि मी तोंड धुवायला पळाले.

हे आले. सहा महिन्यांनी त्यांना पाहिलं. वाळले होते, किंवा मला तसं वाटायचं होतं. माझ्याकडे त्यांनी एकदा पाहिलं आणि मग निंबाकडे पाहत राहिले. त्यांच्या हातात पितळी डबा होता, कडीचा, रिकामा. पाय धुतले, पाटावर बसले, आईनं ओवाळलं. मग त्यांनी तो डबा पुढं सरकवला आणि खाली मान घालून म्हणाले, "मायनं देल्ला. म्हणे, वाणाचे अनारसे ह्यातच आणजो. तिच्या हातचे मले पाहाचे हायेत."

तेव्हा कुठं माझ्या डोक्यात प्रकाश पडला. दोन तास मी कांदा पुसत होते, पीठ लावत होते, तेल जोखत होते आणि एक साधी गोष्ट मला सुचली नव्हती. वाण घरी न्यायचं असतं. अनारसा पंधरा दिवस राहतो. भजं तासाभरात मऊ पडतं. वाशीमला पोचेपर्यंत या डब्यात तेहतीस गार, लिबलिबीत, तेलकट कांदे असणार आणि ते आत्याबाई उघडणार. अधिकाच्या वाणात कांदा, तोही असला. त्यापेक्षा डबा रिकामा गेलेला बरा.

रुमाल मीच काढला. दुसरं कुणी काढेना.

ह्यांनी ताटाकडे पाहिलं. आई भिंतीला टेकून उभी होती, तिचे ओठ हलत होते, बहुतेक रामाचं नाव घेत असावी. "अनारसे?" ह्यांनी हळूच विचारलं.

"हसले," मी म्हटलं. एवढा एकच शब्द माझ्या तोंडून निघाला. आयुष्यात इतकं थोडं मी तोवर कधी बोलले नव्हते.

ह्यांनी डब्याकडे पाहिलं, मग माझ्याकडे. ह्या वेळी निंबाकडे नाही, माझ्याकडे. मग ताट पुढं ओढलं आणि एक भजं उचलून तोंडात घातलं. कुडूम वाजलं. दुसरं घातलं. तिसरं. मला वाटलं भूक लागली असेल. दहा झाली, पंधरा झाली. आई म्हणाली, "जवाईबुवा, जेवाचं हाये अजून. धोंडे केले हायेत पुरनाचे." त्यांनी नुसती मान हलवली आणि सोळावं उचललं. विसाव्यापर्यंत माझ्या लक्षात आलं की हा माणूस भुकेनं खात नाही. पंचविसाव्याला त्यांनी पाणी मागितलं. बाबा ओसरीच्या टोकाला बसून बोटांवर मोजत होते. अठ्ठाविसाव्याला ह्यांनी धोतराची गाठ जरा सैल केली. कपाळावर घाम, डोळ्यांत तिखटाचं पाणी. मी म्हटलं, "राहू द्या ना आता." ते म्हणाले, "उरलं तं डब्यात जाईन."

तेहतिसावं त्यांनी सावकाश खाल्लं. मग हात धुतले आणि ओला हात पुसत बाबांना म्हणाले, "हिले पाठवता ना? संध्याकाळच्या गाडीनं निघू."

'निघू' म्हणाले. बाबांनी ते तीनदा वाचायची गरज नव्हती. आई स्वैपाकघरात गेली आणि तिथं तिनं काय केलं ते मला बाहेर ऐकू आलं. जेवणं ह्यांना शक्यच नव्हतं. आईनं ते धोंडे पितळी डब्यात भरले. मी कुडापाशी जाऊन चाचीला सांगितलं, तर ती म्हणाली, "तेहतीस? या अल्ला, सोडा दे त्याले." आणि खरंच पुडीत बांधून खायचा सोडा दिला.

गाडीत आम्ही समोरासमोर बसलो. ह्यांनी खिडकीकडे तोंड करून मला सांगितलं, "मायले सांगू, अनारसे झाले अन् मी खाल्ले. इतकंच. तू काई बोलजो नोको." मी हो म्हटलं. हे आपल्या आईशी कधी खोटं बोलल्याचं मला माहीत नव्हतं. ते माझ्यासाठी बोलणार होते. सहा महिन्यांपूर्वी पायातल्या काट्यात गुंतलेला माणूस हाच का, असा मला प्रश्न पडला, आणि मी फार सुखात होते.

दिवेलागणीला घरी पोचलो. आत्याबाई दारातच होत्या. भाकरतुकडा ओवाळून टाकला, आत घेतलं. हात पुढे केला तो डब्यासाठी. झाकण उघडलं.

"हे तं धोंडे हायेत. अनारसे?"

"खाल्ले," हे म्हणाले.

"किती?"

"तेहतीसई."

"हसले नाई?"

"नाई."

आत्याबाई डब्याचं झाकण लावू लागल्या. ते नीट बसेना. मग तसाच डबा मांडीवर घेऊन त्या पाटावर टेकल्या आणि कुणाकडेही न बघता म्हणाल्या, "म्हंजे दिवाळीले माह्यंच पीठ खोटं होतं. मले तवाच शंका आली होती. तांदूळ दोन दिवसच भिजले का काय, सहा महिने हाच इचार करून राह्यली मी. उगाच पोरीले बोलली."

मी जिंकले होते. ह्या एका वाक्यासाठी मी तांदूळ भिजवले, कुटले, आईला रडवलं. आणि ते वाक्य आलं तेव्हा त्या उंच बाई पाटावर अशा बसल्या होत्या की मला ते ऐकवेना. ह्यांनी माझ्याकडे पाहिलं, गप्प राहा, असं डोळ्यांनी सांगितलं. मला गप्प राहता आलं नाही. त्या एका वेळचा मला आजही अभिमान वाटतो.

"आत्याबाई, तुमचं पीठ चांगलं होतं," मी म्हटलं. "मी त्यात दूध घातलं होतं. तुमाले न इचारता. अन् मंग इसरून गेली. आजबी घातलं. आजचेबी हसले, सगळेच्या सगळे."

आत्याबाईंनी मान वर केली. माझ्याकडे पाहिलं, मग आपल्या लेकाकडे. लेक खुंटीवरची टोपी न्याहाळत होता.

"मंग यानं तेहतीस काय खाल्लं?"

"कांद्याचे भजे. गोल, मधी भोक ठेवून."

"वाणात?"

"वाणात."

आत्याबाईंनी डबा मांडीवरून खाली ठेवला. मग म्हणाल्या, "तरीच मनलं, आल्यापासून कांद्याचे ढेकर काहून देऊन राह्यला." त्या उठल्या, चुलीपाशी गेल्या, आणि पाठमोऱ्याच बोलल्या, "उभी काहून? हात-पाय धू अन् जेवाले बस. याले काई वाढू नोको, याचं झालं."

मी हात-पाय धुवून बसले. ताट एकच मांडलेलं होतं. हे जेवून येणार हे ठरलेलं, म्हणजे ते माझंच, मी येणार की नाही हे ठाऊक नसताना मांडलेलं. आत्याबाईंनी भाकरी वाढली, वांग्याची भाजी वाढली, आणि मी रडत रडत जेवून उठेपर्यंत समोरून हलल्या नाहीत.